जरीवाल्यांच्या हरिहरचे हात

सुरत म्हटली की मराठी माणसाला आधी १६६४ आणि १६७० आठवतात, मग लिंबायत-उधन्याच्या यंत्रमागांवर राबणारे आपले खानदेशी. पैठणी नेसणाऱ्या बाईचं सुरतेशी नातं मात्र काठातून येतं, तिथल्या जरीतून. चांदीची तार चपटी करून धाग्यावर गुंडाळायची, वर सोन्याचा मुलामा चढवायचा, असं हे काम. त्याच धंद्याचं नाव आडनावात असलेल्या घरात ९ जुलै १९३८ रोजी हरिहर जेठालाल जरीवाला जन्मला. मुंबईत येऊन तो संजीव कुमार झाला.

त्याची सुरुवात नाटकातली. आधी इप्टा, मग इंडियन नॅशनल थिएटर. आर्थर मिलरच्या ‘ऑल माय सन्स’मध्ये बाविसाव्या वर्षी तो म्हातारा झाला होता. नाटकात शेवटच्या रांगेला चेहऱ्यावरच्या सुरकुत्या दिसत नाहीत. तिथं म्हातारपण पाठीतून, चालीतून, खुर्चीवरून उठताना लागणाऱ्या वेळातून दाखवावं लागतं. ही शिदोरी घेऊन तो कॅमेऱ्यासमोर आला. पावडर लावून पांढरे केलेले केस कॅमेरा चटकन पकडतो. उठण्याची दिरंगाई खरी असली, तर केसांकडे कोण बघतो? ‘त्रिशूल’मध्ये (१९७८) त्याचा मुलगा झालेला शशी कपूर वयाने त्याच्यापेक्षा चार महिन्यांनी मोठा होता, आणि सिनेमा बघताना हे कुणाच्या मनातही येत नाही. जया भादुरीचं तर विचारूच नका. १९७२च्या ‘परिचय’मध्ये तो तिचा बाप, त्याच वर्षीच्या ‘कोशिश’मध्ये नवरा आणि तीन वर्षांनी ‘शोले’त सासरा!

पण म्हातारपणाचं कौतुक पुष्कळांनी केलं आहे. मला त्याचे हात महत्त्वाचे वाटतात.

‘कोशिश’मधला हरिचरण मुका-बहिरा आहे. गुलजारने लेखणीवर जगणारा माणूस असूनही नायकाच्या तोंडून शब्द काढून घेतले, आणि उरलं ते सगळं या नटाच्या बोटांवर सोपवलं. बाळाला ऐकू येतं का, हे बघायला नवरा-बायको खुळखुळा वाजवतात. बाळ ढिम्म. दोघांच्या काळजाचं पाणी होतं. पुढे कळतं की खुळखुळ्यात मणीच नाहीत. ही गंमत आणि ही भीती एकाच वेळी दाखवायला त्याच्याकडे एक शब्दही नाही. तरी तो हातवाऱ्यांचा पसारा मांडत नाही. रोज बोलणारा माणूस जसा अर्धं वाक्य गिळतो, तसे हरिचरणचे हात अर्धी खूण गिळतात. जन्मापासून हातांनी बोलत आलेला माणूस असाच बोलणार.

आणि मग ‘शोले’. ठाकूर बलदेव सिंगला हातच नाहीत. निम्मा सिनेमा ही गोष्ट शालीखाली दडवलेली राहते, म्हणजे नटाला खांद्यांनी, मानेने आणि डोळ्यांनी काम भागवावं लागतं. एका सिनेमात फक्त हात, दुसऱ्यात हात वजा. मधली तीन वर्षं. आवाज चढवून, संवाद फेकून नायक होण्याच्या त्या काळात इतकं काही हातचं सोडायला तयार असलेला नट विरळाच. रूपाचा सोस असता, तर सदतिसाव्या वर्षी, ‘आंधी’ आणि ‘मौसम’ही याच १९७५ साली असताना, तो ठाकूर व्हायला कशाला गेला असता?

याची किंमतही त्याने मोजली, असं मला वाटतं. ‘अंगूर’मधले दोन अशोक पाहिले की वाटतं, या माणसाला निव्वळ हसायला-हसवायला आणखी दहा सिनेमे मिळायला हवे होते. ते झालं नाही. ६ नोव्हेंबर १९८५ला, दिवाळीच्या तोंडावर, सत्तेचाळिसाव्या वर्षी हृदयविकाराने तो गेला.

सुरतेत पाल भागात महापालिकेचं सभागृह त्याच्या नावाने उभं आहे. राष्ट्रीय पुरस्कार त्याला दोनदा मिळाला, ‘दस्तक’साठी आणि ‘कोशिश’साठी. शाळेच्या स्नेहसंमेलनात मात्र पोरं नक्कल करतात ती ठाकूरची. आईची शाल मागून आणतात, अंगभर गुंडाळतात आणि हात आत घट्ट दाबून धरतात.