माफी कुणाकडं?

रात्रपाळी उतरून तसाच हायकोर्टात गेलो. केसात अजून गिरणीचा कापूस. बरोबर शेजारची मावशी. तिचा नवरा मैल्याच्या टाकीत उतरला आणि वर आला तो मेलेलाच. 1993 पासून असं मेलेल्या प्रत्येकाच्या घराला दहा लाख द्या, असं सर्वोच्च न्यायालयानं 2014 साली सांगितलेलं. (2023 साली नव्या निकालात ते तीस लाख झाले.) मावशीच्या बाजूनंही हुकूम झाला. साहेबानं तो फाईलीत घातला आणि फाईल बुडाखाली. अकरा महिने! शेवटी बेअदबीचा अर्ज टाकला, तेव्हा तारखेच्या दोन दिवस आधी चेक आला. कोर्टात वकिलानं साहेबाची बिनशर्त माफी वाचली. जज्जसाहेब रागावले, माफी घेतली, मामला निकाली. दहा मिनिटं लागली असतील.

व्हरांड्यात मावशी म्हणाली, "त्यानं माफी कुणाकडं मागितली रं? माझ्याकडं तर बघितलंबी नाही."

मित्रांनो, रिंगफ्रेमवर तुटले धागे जोडताना चार रात्री हेच डोक्यात. 1971 चा कायदा मिळवून वाचला. जाणूनबुजून हुकूम मोडला तर सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, नाहीतर दोन हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. माझी आठवड्याची हजेरी त्याहून जास्त भरते! माफीनं कोर्टाचं समाधान झालं तर तेवढंही नाही. कायद्याच्या लेखी हा कोर्ट आणि बेअदबी करणारा यांच्यातला मामला. मावशी नुसती खबर देणारी.

पण अकरा महिने कुणाचे गेले? व्याजानं पैसे तिनं काढले. पोरीची शाळा सुटली ती तिची. कोर्टानं आपला अपमान माफ करावा, तो त्याचा हक्क. तिच्या वाटणीची माफी त्याच्या खिशात कुठून आली?

साहेब लोक आत जातच नाहीत असंही नाही. 2006 साली आरा गिरण्यांना मनाई मोडून परवानग्या दिल्या म्हणून महाराष्ट्राचे माजी वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि खात्याचे प्रधान सचिव यांना सर्वोच्च न्यायालयानं एकेक महिना कैद दिली. म्हणजे मनात आलं तर होतं. (मंत्री आदिवासी होता, हेही मी टिपून ठेवलंय.)

आपले काही दोस्त म्हणतात, कोर्ट त्यांचंच, त्याची बेअदबी झाली तर आपल्या बापाचं काय जातं? मला नाही पटत. डिसेंबर 1927 चं महाड आठवा. सवर्णांनी दावा लावून चवदार तळ्यावर तात्पुरता मनाई हुकूम आणला. हजारो माणसं तुरुंगाच्या तयारीनं जमलेली. बाबासाहेबांनी सत्याग्रह तहकूब केला. माणसं तळ्याला फेरी घालून, पाण्याला हात न लावता परतली. हायकोर्टात आपला विजय झाला तो 1937 साली.

हुकूम आपल्याविरुद्ध, पाणी समोर, तरी पाळला. राज्य इंग्रजांचं होतं, ठाऊक आहे. पण कोर्टाच्या वाटेनं जायचा शब्द आपण तिथं दिला, आणि पुढं कोर्टात दाद मागायच्या कलम 32 ला बाबासाहेबांनी घटनेचा आत्मा म्हटलं. शब्द दोन्हीकडून पाळायचा असतो. तहानेलं माणूस पाळतं आणि पंख्याखालचा साहेब पाळत नाही, तर तो कोर्टाच्या आधी त्या परतलेल्या माणसांची बेअदबी करतो. म्हणून माझं म्हणणं एवढंच, की माफी घेण्याआधी जज्जनं मावशीला उभं करून विचारायला हवं होतं, बाई, तुमचं काय म्हणणं?

हे सगळं मावशीला सांगितलं. ती म्हणाली, "मग आपणच जाऊ की त्याच्या कचेरीत. म्हणावं, आता हितं माग."

सोमवारी माझी सुट्टी आहे. जाणार आहोत.