अर्धा मुहूर्त

दिवाळीच्या झाडलोटीत घरातल्या विसरलेल्या वस्तू आपण होऊन पुढे येतात. परवा माळ्यावरची लोखंडी पेटी खाली उतरवली आणि आजोबांचे ‘मुहूर्तमार्तंड’ हाती लागले. पुठ्ठा सुटलेला, कडा कसरीने खाल्लेल्या. मुलाने विचारले, “बाबा, हे कसलं पुस्तक?”

“काळ जपून कसा वापरावा, याचं.”

“म्हणजे जादूचं!” तो हसत म्हणाला आणि आकाशकंदिलाच्या कामट्या बांधायला पळाला.

त्याचे म्हणणे अगदीच खोटे नव्हते. इ. स. 1571 साली, म्हणजे शके 1493 मध्ये, देवगिरीजवळच्या टापर गावच्या नारायण दैवज्ञाने हा ग्रंथ रचला. पुढे 1600 साली काशीत राम दैवज्ञाचा ‘मुहूर्तचिंतामणी’ झाला. त्या रामाचे घराणे मूळचे आपल्या विदर्भातले. लग्न केव्हा लावावे, नव्या घरात केव्हा शिरावे, प्रवासाला केव्हा निघावे आणि कोणत्या वेळा टाळाव्यात, याचा बारीक विचार या ग्रंथांत आहे. अनोळखी औषधाची मात्रा वैद्याला विचारून घ्यावी, तसा क्षणही विचारून घ्यावा, असा त्यांचा एकंदर भाव.

मी पडलो शाळामास्तर. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यात सोडली की ती भरून बुडायला चोवीस मिनिटे लागतात, ती एक घटका. दोन घटकांचा एक मुहूर्त. आणि दिवस-रात्र मिळून तीस मुहूर्त, हे मी मुलांना आवडीने शिकवतो. पंचांगाला भिणाऱ्यांची थोडी थट्टाही करतो. त्यांना सांगतो, घड्याळात बारा वाजतात तेव्हा आपल्या काटोलचा सूर्य माथ्यावर आलेला नसतो. भारताची प्रमाणवेळ साडेब्याऐंशी रेखांशाची. आपण तिच्या पश्चिमेला, म्हणून आपला मध्यान्ह सरासरीने सोळा मिनिटे मागे. मग खरा क्षण कोणता, घड्याळाचा की सूर्याचा? मुले गोंधळतात आणि मला मौज वाटते.

परंतु ते पुस्तक हातात घेतले तेव्हा मला मौज वाटली नाही. सहा-सात वर्षांपूर्वीची एक संध्याकाळ आठवली.

नरखेडहून फोन आला होता. आत्या अंथरुणाला खिळली होती आणि सारखे माझे नाव घेत होती. “आज येऊन जा,” असा निरोप होता. नरखेड काही दूर नाही; गाडीही होती. पण मी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिले आणि बायकोला म्हणालो, “आज अमावस्या आहे. उद्या सकाळी निघू.” ती नुसती माझ्याकडे पाहत राहिली. अमावस्येला मी याआधी कितीदा तरी प्रवास केला होता, हे तिला ठाऊक होते. आणि शेताच्या वाटणीवरून मी आत्याला चार माणसांत नको ते बोललो होतो, हेही ठाऊक होते. मला तिच्यासमोर उभे राहायची भीती वाटत होती.

दुसऱ्या दिवशी पोहोचलो तेव्हा तिची वाचा गेली होती. तिने माझ्याकडे पाहिले. काय म्हणायचे होते ते मला कधीच कळणार नाही. मी हात जोडून जे बोललो, ते तिला कळले की नाही, हेही नाही.

त्या अमावस्येला मी दोष देत नाही. तिने मला अडवले नव्हते. मीच तिला दारात आणून उभे केले होते. काळाच्या जादूचा खरा धोका मला येथे दिसतो. आपल्या भित्रेपणाला ती शास्त्राचे उपरणे पांघरते.

मग वेळ पाहूच नये काय? तसेही म्हणवत नाही. आमच्या शेजारी संत्र्याचा बगीचा आहे. आंबिया बहार धरायचा तर हिवाळ्यात झाडांचे पाणी तोडतात, त्यांना ताण देतात आणि मग पाणी सोडले की बगीचा फुलतो. ताण कमी पडला तर फुले येत नाहीत. जास्त झाला तर झाडच जाते. हलक्या जमिनीत दिवस कमी, भारी जमिनीत अधिक. मी एकदा मालकांना विचारले, “पाणी सोडायचा दिवस कसा ठरवता?” ते म्हणाले, “झाडाकडे पाहा जी, मास्तर. पाने मलूल झाली की ते सांगते.”

मला वाटते, उत्तर यातच आहे. नव्या घराची पायरी, दुकानाची पहिली वही, मुलीचे लग्न, ही कामे आपल्या सवडीची असतात. तेथे चांगला दिवस पाहावा. सारे नातलग एका घटकेला एका मांडवात येतात, हा काही लहान लाभ नव्हे. पण ज्या कामाची वेळ दुसऱ्याच्या गरजेने आधीच ठरवली आहे, तेथे आपण पंचांग उघडणे म्हणजे त्याचा काळ चोरणे होय. जुन्या लोकांना हे कळत होते. लग्नाला धड वेळ सापडेना, तर त्यांनी गोरज मुहूर्त ठेवला; गाई घरी परततात ती धुळीची वेळ शुभ मानली. नियम लिहिणाऱ्यांनीच नियमाला दार ठेवले होते. मी मात्र ते बाहेरून लावून घेतले.

परवाचा पाडवा साडेतीन मुहूर्तांपैकी एक. आमच्याकडच्या मोजणीत गुढीपाडवा, अक्षय्यतृतीया आणि दसरा हे पूर्ण, तर दिवाळीचा पाडवा अर्धा. त्याला अर्धाच का म्हणतात, याची कारणे शास्त्री सांगतील. मी मात्र यंदा मनाशी एक अर्थ धरला आहे. अर्धा मुहूर्त आकाशाने द्यावा आणि उरलेला माणसाने भरावा.

आत्याचा मुलगा अजून नरखेडलाच असतो. वाटणीनंतर आम्ही एकमेकांच्या उंबऱ्याला पाय लावलेला नाही. पाड-व्याची वाट न पाहता आज दुपारच्याच गाडीने जावे म्हणतो. आज तिथी कोणती, ते पाहिलेले नाही.