मानगुटीवरचं भूत

आवणी संपली आणि दिघाशीतल्या एका म्हातारीच्या मानगुटीवर भूत बसलं. मान वळेना, खांदा उचलेना. तिन्हीसांजेला ती उंबराखालून आली होती. शेजारणीला एवढा पुरावा पुरला. भगताने काळी कोंबडी, नारळ आणि अकराशे रुपये सांगितले. 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा आल्यापासून तो 'उतारा' म्हणत नाही, 'सल्ला' म्हणतो.

आठवीतली नात कोपऱ्यात मोबाइल घेऊन खिदळत होती. 'मॉब सायको 100', 2016 ची जपानी अॅनिमे. तिच्यातला रेइगेन नावाचा भामटाही भुताखेतांचं सल्ला केंद्रच चालवतो. अंगात शक्ती काडीची नाही. खरी शक्ती त्याच्या शाळकरी चेल्याकडे, आणि तो तासाला 300 येनवर राबतो. रेइगेन आपला भुतावर स्वयंपाकाचं मीठ भिरकावतो. (जपानात सुमो पैलवानही आखाड्यात मीठ उधळतात, आपण मीठमोहऱ्या ओवाळतो. मिठाला दोन्हीकडे मान.) खांदा जड झालेली बाई आली, तर भूत काढायच्या नावाखाली तो तिचा खांदा रगडून देतो. बाई खूश!

नातीने मूठभर मीठ घेतलं आणि आजीवर फेकलं.

"मीठ सांडतेस? पाप लागंल गो!" आजी ओरडली. पण पोरगी खोबरेल कोमट करून मागे बसलीसुद्धा. बोटांना मानेखाली गाठ लागली, सुपारीएवढी.

"आजी, इथं काय ठेवतेस?"

"काय ठेवणार? हंडा."

"किती वर्षं?"

आजीने बोटं मोजायला घेतली आणि मध्येच सोडून दिली.

दुसऱ्या दिवशी दवाखान्यात गोळ्या मिळाल्या आणि डोक्यावरचं ओझं बंद झालं. विहिरीवर आता मुलगा जाऊ लागला. पहिल्या दिवशी निम्मं पाणी वाटेतच सांडलं, लोक हसले. आठवड्याने आजीची मान वळली. काळी कोंबडी अंगणात दाणे टिपत होती.

शेजारीण हळूच आली. तिचाही खांदा धरला होता. "काकी, मीठ कंचं वापरलंत? जाडं का बारीक?"

"मिठाचं राहूं दे," आजी म्हणाली, "तुझ्या घरात हंडा कोण आणतंय?"