वाविलोवांच्या घरचे दोघे

मॉस्कोतल्या एका व्यापाऱ्याला दोन मुलगे होते. थोरला निकोलाय, जन्म १८८७ चा. धाकटा सर्गेय, १८९१ चा. बापाचे लहानपण खेड्यातल्या गरिबीत गेलेले, त्यामुळे पीक बुडाले की घरात काय होते हे मुलांनी त्याच्या तोंडून ऐकलेले होते. थोरला शेतीशास्त्र शिकला, धाकटा भौतिकशास्त्राकडे गेला आणि प्रकाशाच्या अभ्यासात रमला. पुढे दोघेही आपापल्या विषयात देशातले पहिल्या फळीचे शास्त्रज्ञ झाले. देश एक, सरकार एक, दोघांच्या अंगची हुशारी आणि कष्टाची सवयही सारखीच. तरी त्यांच्या हातून उभ्या राहिलेल्या दोन विज्ञानांचे जे झाले, त्यात जमीन-अस्मानाचे अंतर पडले.

सुरुवातीला सरकारचा हात दोघांच्याही पाठीवर होता. १९२१ मध्ये व्होल्गाच्या खोऱ्यात भीषण दुष्काळ पडला, लाखो माणसे मेली. क्रांती होऊन चारच वर्षे झाली होती आणि नव्या सत्तेला धान्य हवे होते. निकोलाय वाविलोवांना पेत्रोग्राडला, म्हणजे पुढच्या लेनिनग्राडला, बोलावून पिकांच्या संशोधनाची जबाबदारी देण्यात आली. त्यांची कल्पना साधी आणि अफाट होती. माणसाने जिथे जिथे प्रथम शेती केली, तिथे त्या त्या पिकाची सर्वांत जास्त विविधता सापडणार. थंडी सोसणारा, तांबेऱ्याला दाद न देणारा, कमी पाण्यावर तगणारा गहू कुठेतरी एखाद्या डोंगरी शेतकऱ्याच्या कणगीत आधीच आहे. तो शोधून आणायचा आणि आपल्या वाणाशी त्याचा संकर करायचा. त्यासाठी ते अफगाणिस्तानात गेले, इथिओपियात गेले, चीन, जपान, मेक्सिको आणि दक्षिण अमेरिकेत गेले. लेनिनग्राडच्या संस्थेत जमलेले बियाणे जगातला त्या काळचा सर्वांत मोठा संग्रह होते. एवढे काम एकट्या माणसाच्या जिद्दीवर होत नाही. त्यामागे सरकारचा पैसा होता, देशभर पसरलेली प्रयोगकेंद्रे होती, हजारो माणसे होती. हे सरकारचे श्रेय आहे आणि ते नाकारून ही गोष्ट नीट सांगता येणार नाही.

मग घाई सुरू झाली. १९२९ पासून शेतकऱ्यांच्या जमिनी सक्तीने सामूहिक शेतीत ओढल्या गेल्या, उत्पादन कोसळले, १९३२-३३ मध्ये पुन्हा माणसे उपासमारीने मेली. ऑगस्ट १९३१ मध्ये फर्मान निघाले होते: नवे वाण तयार करायला लागणारी दहा-बारा वर्षे चार-पाच वर्षांवर आणा. संकर केलेल्या गव्हाच्या पिढ्या एकामागून एक पेराव्या लागतात, त्यांतून निवड करावी लागते, वाण स्थिर झाला की नाही ते पाहावे लागते, मग वेगवेगळ्या हवामानांत त्याची परीक्षा होते. या कामाला वर्षे लागतात ती कोणी आळशी असतो म्हणून नव्हे. वाविलोवांनी हे समजावून सांगितले. सत्तेला ते टाळाटाळीसारखे वाटले.

त्याच सुमारास त्रोफिम लिसेन्को पुढे आला. शेतकऱ्याच्या घरात जन्मलेला, वर्तमानपत्रांनी उचलून धरलेला हा तरुण म्हणाला, आपण अडीच वर्षांत वाण देऊ. गव्हाचे बी भिजवून थंडीत ठेवले की पीक लवकर तयार होते, हे त्याचे म्हणणे अगदीच खोटे नव्हते, आणि खुद्द निकोलाय वाविलोवांनीही आरंभी त्याला उत्तेजन दिले होते. पण लिसेन्को तेवढ्यावर थांबला नाही. बियाणाला वळण लावता येते, ते वळण पुढच्या पिढ्यांत उतरते, आणि आनुवंशिकता वाहून नेणारी जनुके वगैरे काही नसतात, असे तो सांगू लागला. त्याचा पुरावा म्हणजे सामूहिक शेतांच्या प्रमुखांकडून भरून घेतलेल्या प्रश्नावल्या. त्या काळात ‘आमच्याकडे पीक बुडाले’ असे लिहून पाठवण्याची छाती किती जणांची असणार? फेब्रुवारी १९३५ मध्ये क्रेमलिनच्या सभेत तो बोलत असताना स्टालिन मध्येच ओरडले, ‘शाबास, कॉम्रेड लिसेन्को, शाबास!’ त्या क्षणी वादाचा निकाल लागला. प्रयोगाच्या शेतात मात्र तो अजून लागायचाच होता.

मला वाटते, या गोष्टीतली खरी चूक इथे आहे. सरकारने धान्य मागितले यात काहीच गैर नव्हते. भुकेल्या देशाने आपल्या शास्त्रज्ञांकडे भाकरी मागायची नाही तर काय मागायचे? प्रश्न कोणता सोडवायचा, पैसा कुठे लावायचा, हे ठरवण्याचा अधिकार सरकारला आहेच. पण उत्तर काय यावे हेही त्याने ठरवले, आणि ते उत्तर न देणाऱ्याला शत्रू मानले.

१९३८ मध्ये लिसेन्को कृषिविज्ञान अकादमीचा अध्यक्ष झाला. हे पद कधीकाळी वाविलोवांचे होते. १९३९ मध्ये वाविलोवांनी जाहीर सभेत सांगितले की आम्ही चितेवर चढू, जळू, पण आमची मते सोडणार नाही. ऑगस्ट १९४० मध्ये, युक्रेनमध्ये वनस्पती गोळा करत असताना, त्यांना अटक झाली. जुलै १९४१ मध्ये फाशीची शिक्षा सुनावली गेली, नंतर ती वीस वर्षांच्या कैदेत बदलली. २६ जानेवारी १९४३ रोजी सरातोवच्या तुरुंगात अन्नावाचून खंगून ते गेले. याच सरातोवमध्ये ते तरुणपणी प्राध्यापक होते. त्यांची पत्नी आणि मुलगा युद्धामुळे स्थलांतर करून याच गावात राहत होते. नवरा मॉस्कोत कैदेत आहे असे समजून पत्नी तिकडे पार्सले पाठवत राहिली.

इकडे लेनिनग्राडला जर्मन सैन्याचा वेढा पडला होता. संस्थेतली माणसे उंदरांपासून, थंडीपासून आणि भुकेल्या शहरापासून बियाणे राखत होती. भाताच्या वाणांचे तज्ज्ञ दिमित्री इवानोव तांदळाच्या हजारो पुड्यांच्या सोबतीत उपासमारीने मेले. भुईमुगाचे तज्ज्ञ अलेक्सांदर श्चुकिनही गेले. संग्रह वाचला.

आता धाकट्याकडे येऊ. सर्गेय वाविलोव १९३४ पासून मॉस्कोतल्या लेबेदेव भौतिकी संस्थेचे संचालक होते. त्यांचा विद्यार्थी पावेल चेरेन्कोव याने त्यांच्याच देखरेखीखाली द्रवांत उमटणारी एक निळसर चमक शोधली. १९५८ मध्ये तिच्यासाठी नोबेल मिळाले. १९४५ मध्ये, भाऊ तुरुंगात मेल्यावर दोनच वर्षांनी, स्टालिनच्या सरकारने सर्गेयना देशाच्या विज्ञान अकादमीचे अध्यक्ष केले. त्यांनी ते पद स्वीकारले. त्यांच्या मनात काय चालले असेल याचा न्याय करण्याची माझी हिंमत होत नाही.

ऑगस्ट १९४८ मध्ये लिसेन्कोने कृषिविज्ञान अकादमीच्या सभेत जाहीर केले की जनुकशास्त्राविरुद्धच्या आपल्या अहवालाला पक्षाच्या मध्यवर्ती समितीची मान्यता आहे. त्या एका वाक्याने जनुकशास्त्र संपले. त्याच महिन्यात विज्ञान अकादमीच्या कार्यकारिणीने जनुकशास्त्राची प्रयोगशाळा बंद करण्याचा ठराव केला. अध्यक्षस्थानी सर्गेय वाविलोव होते. भावाच्या विज्ञानावर माती लोटण्याचे काम भावाच्याच हातून करून घेतले गेले.

पुढच्याच वर्षी भौतिकशास्त्राची पाळी होती. सापेक्षता सिद्धांत आणि पुंजयामिकी या परकी, भांडवलशाही कल्पना आहेत असे म्हणणारे लोक तयार होते. त्या खोडून काढण्यासाठी मार्च १९४९ मध्ये परिषद भरणार होती. ती रद्द झाली. कारण अणुबाँब हवा होता, आणि या सिद्धांतांची समीकरणे टाकून तो बनत नव्हता. २९ ऑगस्ट १९४९ ला पहिला सोव्हिएत अणुस्फोट झाला. भौतिकशास्त्रज्ञांनाही मुदत होती, धाक होता, तुरुंगाची भीती होती. पण बाँब फुटला की नाही हे सगळ्यांना दिसते, तिथे प्रश्नावली भरून भागत नाही. म्हणून निदान समीकरणाचे उत्तर त्यांच्याकडे राहू दिले गेले.

त्याची फळे पुढे दिसली. लेबेदेव संस्थेतच बासोव आणि प्रोखोरोव यांनी लेसरच्या पायाभरणीचे काम केले आणि १९६४ चे नोबेल मिळवले. जीवशास्त्रात जग १९५३ मध्ये डीएनएच्या रचनेपर्यंत पोहोचले, तेव्हा सोव्हिएत विद्यापीठांत जनुक हा शब्द उच्चारणे धोक्याचे होते. १९६३ मध्ये पीक बुडाले आणि त्या अवाढव्य देशाने अमेरिका-कॅनडाकडून गहू विकत घेतला. हवामानाचा आणि शेतीव्यवस्थेचा दोष त्यात होताच, पण वाण सुधारण्याची गेलेली वर्षे कोणत्याही खजिन्यातून परत आणता येत नव्हती.

जून १९६४ मध्ये लिसेन्कोचा एक साथीदार विज्ञान अकादमीच्या सभासदत्वासाठी उभा होता. तेव्हा हायड्रोजन बाँबच्या कामात वाटा असलेले आंद्रेय साखारोव उठले. तेही लेबेदेव संस्थेत, सर्गेय वाविलोवांच्या छत्राखाली घडलेले. सोव्हिएत जीवशास्त्राच्या लाजिरवाण्या मागासलेपणाला हीच मंडळी जबाबदार आहेत, असे ते स्पष्ट बोलले. सभासदांनी त्या उमेदवाराला पाडले. ऑक्टोबरमध्ये लिसेन्कोला पाठीशी घालणारे सोव्हिएत नेते ख्रुश्चेव सत्तेवरून गेले, १९६५ मध्ये लिसेन्कोला जनुकशास्त्राच्या संस्थेवरून हटवले. मग शाळेच्या पुस्तकांत जनुकशास्त्र परतले, आणि ते शिकवण्याआधी शिक्षकांच्या एका अख्ख्या पिढीला ते स्वतः पहिल्या पाठापासून शिकावे लागले.