यथातथ्य

जतन करण्याची आपली रूढ कल्पना वस्तूशी बांधलेली आहे. ताम्रपट संग्रहालयात ठेवावा, पोथी कापडात गुंडाळावी, देवळाची ढासळती भिंत सावरावी, की आपले काम झाले असे आपण मानतो. परंतु मनुष्याच्या काही निर्मिती नुसत्या ठेवल्याने राहत नाहीत. त्या चालतात तेवढाच काळ त्यांना अस्तित्व असते. आमच्या झाडीपट्टीतील दंडार हे लोकनाट्य ही अशीच गोष्ट आहे. पोशाख, वाद्ये आणि संवादांची वही पेटीत सुरक्षित राहिली, तरी ती उभी करणारी माणसे नसतील तर दंडार उरत नाही. संगणकीय खेळही याच वर्गात मोडतो, हे मला एका अगदी घरगुती निमित्ताने उमगले.

गोंडपिपरी हे आमचे चंद्रपूर जिल्ह्यातील तालुक्याचे गाव. तालुक्याला एकीकडून वर्धा आणि दुसरीकडून वैनगंगा वेढते. पुढे त्या एकत्र येऊन प्राणहिता होतात. नव्वदच्या दशकात चंद्रपूरच्या गोल बाजारातून आमच्या घरी एक टीव्ही गेम आला. निन्टेन्डो या जपानी कंपनीने १५ जुलै १९८३ रोजी बाजारात आणलेल्या आणि मासायुकी उएमुरा यांच्या नेतृत्वाखाली घडलेल्या ‘फॅमिकॉम’ या यंत्राची ती नक्कल होती. अशा नकला त्या काळी भारतभर विकल्या जात. यंत्रात खोचायच्या प्लास्टिकच्या डबीला आम्ही कॅसेट म्हणत असू. कालांतराने ते सारे माळ्यावर गेले. पुतणी हाताशी आल्यावर एके दिवशी म्हणाली, “काका, तुमचा तो गेम दाखवा ना.” यंत्र खाली काढले तेव्हा त्याच्या पितळी पट्ट्यांना गंज चढला होता, वायर कडक होऊन तडकली होती, आणि ज्या काचेच्या नळीच्या टीव्हीला ते जोडायचे तो टीव्ही घरातून केव्हाच गेला होता. दुरुस्तीसाठी सुटे भाग मिळणार नव्हते. तेव्हा घरच्या संगणकावर एम्युलेटर बसवण्याचे मी ठरवले.

एम्युलेटर म्हणजे एका यंत्राला दुसऱ्या यंत्रासारखे वागायला लावणारा प्रोग्राम. पुरेशी स्मृती आणि पुरेसा वेळ मिळाल्यास एक सर्वसाधारण यंत्र अन्य कोणत्याही गणनयंत्राचे काम करू शकते, हा विचार ॲलन ट्युरिंग यांनी १९३६ मध्ये मांडला. तो व्यवहारात प्रथम मोठ्या प्रमाणावर उतरला तो कचेऱ्यांच्या गरजेतून. आयबीएम कंपनीने १९६४ मध्ये ‘सिस्टीम ३६०’ ही नवी संगणकमालिका जाहीर केली, तेव्हा जुन्या १४०१ संगणकावर हिशेब करणाऱ्या संस्थांपुढे प्रश्न उभा राहिला की वर्षानुवर्षे कष्टाने लिहिलेले प्रोग्राम आता टाकून द्यायचे काय. नव्या यंत्रात जुन्याच्या अनुकरणाची सोय करून त्याचे उत्तर दिले गेले. पूर्वसूरींचे श्रम वाया जाऊ नयेत, ही भावना या तंत्राच्या मुळाशी आहे. खेळांचा संबंध त्यानंतर आला.

प्रोग्राम उतरवून घेणे आणि बसवणे हे काम थोड्या वेळाचे असते. खरा प्रश्न पुढे येतो, कारण एम्युलेटर म्हणजे केवळ यंत्र. खेळाचा मजकूर, ज्याला रॉम फाईल म्हणतात, वेगळा मिळवावा लागतो. इंटरनेटवर त्या सहज सापडतात, पण सहज सापडणे म्हणजे घेण्याचा अधिकार असणे नव्हे. आपल्या १९५७ च्या प्रताधिकार कायद्यातील ५२ वे कलम, प्रोग्रामची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला ती नष्ट होण्यापासून संरक्षण म्हणून राखीव प्रत करण्याची मुभा देते. आमची बाजारातली कॅसेट मुळातच अनधिकृत होती, म्हणून तिच्या आधारे मला कोणताही हक्क सांगता येत नव्हता. आमच्या पिढीच्या आनंदाचा मोठा भाग अशा नकलांवर पोसला गेला आणि मूळ कर्त्यांपर्यंत त्यातील काहीही पोहोचले नाही, हे ऋण मोकळेपणाने मान्य केले पाहिजे. यथावकाश मी ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ या १९८५ च्या खेळाची मूळ कॅसेट आणि तिच्यातील मजकूर संगणकात वाचून घेणारे छोटे उपकरण विकत मिळवले.

त्या कॅसेटमधील मजकूर केवळ ४० किलोबाइटचा आहे: ३२ किलोबाइट सूचना आणि ८ किलोबाइट चित्रे. प्रस्तुत लेख साध्या मजकुराच्या रूपात साठवला, तरी तो त्या संपूर्ण खेळाच्या निम्म्याहून अधिक जागा घेईल. ज्या यंत्रावर हा खेळ चाले त्याची कार्यकारी स्मृती २ किलोबाइटची होती. जागेच्या या टंचाईमुळे कर्त्यांनी आकाशातील ढगाची आकृतीच रंग बदलून जमिनीवरील झुडूप म्हणून वापरली. लहानपणी आम्ही ते सारे पाहिले, पण त्यामागील काटकसर आमच्या लक्षात आली नव्हती. मर्यादेला शरण न जाता तिच्याशी विचारपूर्वक जुळवून घेणे म्हणजे काय, हे मला त्या ढगाने शिकवले.

एम्युलेटर सुरू झाल्यावर तो काही निवडी विचारतो, आणि त्या निवडींमध्ये जतनाचा सारा नीतिविचार सामावलेला आहे. पहिली निवड काळाची. जपानी यंत्र सेकंदाला सुमारे साठ चित्रे उमटवी. भारतातील दूरचित्रवाणी मात्र पन्नास चित्रांच्या पाल पद्धतीची होती. पन्नासच्या गतीवर चालणाऱ्या नकली यंत्रांसाठी अनेक एम्युलेटरांत ‘डेंडी’ हा स्वतंत्र पर्याय असतो. तशाच एका नकलेचे ते रशियातील नाव. म्हणजे कर्त्यांनी योजलेली गती एक आणि आपल्या टीव्हीच्या पद्धतीला धरून असलेली गती दुसरी. जतन नेमके कशाचे करायचे, निर्मितीचे की अनुभवाचे, हा प्रश्न इथे टाळता येत नाही.

दुसरी निवड दोषांची. त्या यंत्राला एका आडव्या रेषेवर आठांहून अधिक हलत्या आकृती दाखवता येत नसत. नववी आली की ती अदृश्य होई, म्हणून गर्दीच्या प्रसंगी आकृती आळीपाळीने लुकलुकत. एम्युलेटरमध्ये ही मर्यादा काढून टाकण्याची सोय असते आणि मोह होतो की यंत्राचा हा दोष दूर करावा. परंतु काही खेळांच्या कर्त्यांनी याच दोषाचा उपयोग करून घेतला होता: जी आकृती लपवायची तिच्या रेषेवर आठ कोऱ्या आकृती ठेवल्या की ती आपोआप झाकली जाई. मर्यादा काढली की जे झाकायचे ते उघडे पडते. पूर्वजांच्या कामात आपल्याला जो दोष दिसतो तो कित्येकदा त्यांच्या रचनेचा आधार असतो. संपूर्ण रचना समजण्यापूर्वी केलेली सुधारणा हा म्हणूनच एक प्रकारचा विध्वंस असतो.

यथातथ्य अनुकरणाला किती मोल पडते, याचे उदाहरण निअर या टोपणनावाने काम करणाऱ्या प्रोग्रामकर्त्याने घालून दिले. निन्टेन्डोच्या पुढील यंत्राचा, म्हणजे १९९० च्या सुपर फॅमिकॉमचा, ‘बीएसनेस’ हा एम्युलेटर निअर यांनी वर्षानुवर्षे घडवला. मूळ यंत्राच्या प्रोसेसरची कमाल गती ३.५८ मेगाहर्ट्झ, त्याचे पूर्ण प्रामाणिक अनुकरण करायला सुमारे ३ गिगाहर्ट्झचा संगणक लागतो, असे त्यांनी २०११ मध्ये मांडले. याचे कारण समजून घेण्यासारखे आहे. मूळ यंत्रात गणना, चित्र आणि ध्वनी यांचे वेगवेगळे घटक एकाच वेळी आपापले काम करत. अनुकरण करणाऱ्याला मात्र क्षणाक्षणाला एक घटक थांबवून दुसऱ्याची स्थिती तपासावी लागते. एवढी काटेकोरता न पाळताही बहुतेक खेळ चालतात. पण सगळे चालत नाहीत. ‘एअर स्ट्राइक पेट्रोल’ या खेळात विमानाची जमिनीवर पडणारी सावली ढोबळ अनुकरणात उमटतच नसे, आणि नेम धरण्यासाठी ती सावलीच उपयोगाची होती. एका अल्पपरिचित खेळातील एक सावली परत मिळावी म्हणून शेकडो पट गणनाशक्ती खर्च करण्याची ही तयारी मला अव्यवहार्य वाटत नाही. कोणते काम क्षुद्र आणि कोणते महत्त्वाचे हे ठरवण्याचा अधिकार जतन करणाऱ्याने स्वतःकडे घेतला की त्याचे काम निवाड्याचे होते.

ही निष्ठा एकट्याची नाही. काही चिपांची अंतर्रचना कोणत्याही कागदावर उपलब्ध नव्हती, तेव्हा त्यांचे आवरण आम्लाने विरघळवून आतील थर सूक्ष्मदर्शकाखाली वाचले गेले. १९७५ च्या ६५०२ या प्रोसेसरमध्ये, ज्याच्या वंशातील प्रोसेसर फॅमिकॉममध्ये होता, सुमारे साडेतीन हजार ट्रान्झिस्टर होते. त्यांची जोडणी छायाचित्रांवरून उलगडून ‘व्हिज्युअल ६५०२’ या उपक्रमाने सर्वांसाठी खुली केली. निकोला साल्मोरिया यांनी १९९७ मध्ये सुरू केलेल्या ‘मेम’ या एम्युलेटर प्रकल्पाने आपले काम म्हणजे यंत्रांचे दस्तऐवजीकरण आहे अशी भूमिका घेतली. खेळ चालू शकणे हा त्या दस्तऐवजाच्या अचूकतेचा पुरावा. या श्रमांची गरज किती आहे हे एका आकड्यावरून कळते. अमेरिकेत २०१० पूर्वी प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ बाजारात अधिकृतपणे मिळत नाहीत, असे व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनच्या २०२३ च्या अभ्यासात आढळले. अवघ्या एका पिढीचे कर्तृत्व इतक्या वेगाने हाताबाहेर जाऊ शकते.

तरीही अनुकरणाला सीमा आहेत आणि त्या प्रामाणिकपणे मांडल्या पाहिजेत. बदकांच्या शिकारीच्या खेळासाठी मिळणारी बंदूक काचेच्या नळीच्या पडद्यावर विसंबून असे. चाप ओढताच पडदा क्षणभर काळा होई, लक्ष्याच्या जागी पांढरा चौकोन उमटे आणि बंदुकीतील संवेदक तो प्रकाश टिपे. आजच्या सपाट पडद्यावर ती वेळ जुळत नाही. बंदुकीच्या जागी माऊस येतो आणि हाताची ती क्रिया संपते. याहून मोठी सीमा माणसांची. टीव्ही एक, रिमोट दोन आणि आपल्या पाळीची वाट पाहत जमिनीवर बसलेली सारी आळी, असे त्या खेळाचे स्वरूप होते. खेळ राखून ठेवण्याची सोय बहुधा नसे. मध्येच लाइन गेली की सगळे पुसले जाई आणि पुन्हा पहिल्यापासून आरंभ करावा लागे. एम्युलेटरमध्ये कोणताही क्षण साठवून त्याकडे परत जाता येते. पुतणीने ती सोय वापरली आणि ते योग्यच होते. तिच्या काळाचे साधन तिने का नाकारावे? परंतु जे पुन्हा मिळणार नाही त्याविषयीची सावधता आणि गमावल्यावर तक्रार न करता पुन्हा उभे राहण्याची सवय, ही त्या खेळाची शिकवण कोणत्याही फाईलमध्ये साठवलेली नाही. ती ज्यांनी अनुभवली त्यांनी सांगितली तरच पुढे जाईल.

या ठिकाणी माझा विचार आमच्या मुलखाकडे वळतो. राज्याच्या सीमेपलीकडे आदिलाबाद जिल्ह्यात गुंजाला नावाचे गाव आहे. तिथल्या गोंड कुटुंबांनी एका स्वतंत्र लिपीतील गोंडी हस्तलिखिते पिढ्यान्‌पिढ्या सांभाळली होती. अभ्यासकांचे लक्ष तिकडे गेले तेव्हा ती लिपी वाचू शकणारी मोजकी वृद्ध माणसेच उरली होती. कागद शाबूत होता, शाई शाबूत होती. पण वाचणारे निघून गेले असते तर ती हस्तलिखिते आमच्या माळ्यावरच्या कॅसेटसारखी मुकी झाली असती. त्या वृद्धांकडून अक्षरे समजून घेतली गेली आणि २०१८ मध्ये गुंजाला गोंडी लिपीला युनिकोडमध्ये स्थान मिळाले. हे शक्य झाले, कारण जाणते हयात असतानाच त्यांना विचारले गेले. चिप आम्लात बुडवून तिचे रहस्य उशिराही काढता येते. माणसाच्या ज्ञानाला ती सवलत नाही.

म्हणून जतनाचे कर्तव्य हे मूलतः वेळेचे कर्तव्य आहे. दंडारीतील चाली, धानाच्या जुन्या वाणांची ओळख, जंगलातील वनस्पतींची गोंडी नावे आणि त्यांचे उपयोग यांची नुसती यादी करून भागणार नाही. चाल कोणत्या जागी थांबते, वाण कोणत्या बांधीत रुजतो, वनस्पती कोणत्या ऋतूत तोडत नाहीत, हे वर्तन नोंदवले गेले पाहिजे. तेही आपल्याला सोयीचे वाटेल तेवढे निवडून नको. लुकलुकणाऱ्या आकृतींसह, संथ गतीसह, जे आज निरर्थक भासते त्यासह नोंदवावे, कारण त्याचा अर्थ लावण्याची पात्रता आपल्यानंतर येणाऱ्या कुणाकडे असू शकेल. वाचकांपैकी प्रत्येकाच्या घरात अशी एखादी जाणती व्यक्ती असते, जिच्याकडचे ज्ञान अन्यत्र कुठेही लिहिलेले नाही. तिच्याजवळ बसून, तिला मध्येच न सुधारता, तिचे म्हणणे तिच्याच शब्दांत उतरवून घेणे यासाठी कोणतीही संस्था किंवा अनुदान लागत नाही. लागते ती चिकाटी आणि नम्रता. एका खेळातील सावलीसाठी अनोळखी माणसे इतकी वर्षे वेचू शकतात, तर आपल्या माणसांसाठी काही संध्याकाळी देणे हे आपले किमान दायित्व आहे.