सब्राचा उपदेश कोणी कोणाला करावा?



घरात कोणी आजारी पडले, मुलाची शाळा सुटली, कमावता हात थकला, की आपल्या तोंडून सहज निघते, ‘अल्लाहची मर्जी!’ हे उद्गार ईमानाचे आहेत. सुख आणि दुःख दोन्ही अल्लाहच्या हाती आहेत, ही आपल्या श्रद्धेची बैठक आहे. तथापि हे शब्द कोण, कोणाविषयी उच्चारतो यावर त्यांचा अर्थ अवलंबून असतो. स्वतःच्या दुःखात ते उच्चारले तर तो सब्र होय. परंतु शेजाऱ्याच्या दुःखाविषयी, आपली मूठ बंद ठेवून, ते उच्चारले तर त्याला काय म्हणावे?

प्रथम वस्तुस्थिती पाहू. नागपूरच्या दक्षिणेस असलेले आमचे हुडकेश्वर २०१३ साली महानगरपालिकेच्या हद्दीत आले. शेताचे ले-आउट झाले आणि ले-आउटवर घरे उभी राहिली. नव्या दुमजली घराशेजारी अर्धवट बांधकाम असते आणि त्याच्या आडोशाला टिनाच्या खोलीत बांधकाम मजुराचे कुटुंब असते. दोन्ही घरांतील मुले एकाच गल्लीत खेळतात. समजा, दोघांनाही एकाच दिवशी ताप आला. एक मूल त्याच सायंकाळी डॉक्टरांकडे जाते. दुसरे तीन दिवस दुकानातून आणलेल्या गोळीवर काढते. त्याच्या आईबापाची माया का कमी आहे? मुळीच नाही. मेडिकल हुडकेश्वरहून फार दूर नाही आणि तेथील उपचारांचा खर्चही अल्प आहे. पण तेथल्या रांगेत गेलेला दिवस फुकट नसतो. रोजी बुडाली तर सायंकाळची चूल अडते. म्हणून गरीब माणूस आजार वाढेपर्यंत थांबतो, आणि वाढलेल्या आजारावर अधिक खर्च करून अधिक गरीब होतो.

हे चक्र शाळेतही फिरते. आई रक्तक्षयाने अशक्त, म्हणून बाळ कमी वजनाचे. बाळाला सकस आहार नाही, म्हणून त्याची वाढ खुंटलेली. उपाशीपोटी वर्गात बसलेल्या मुलाचे लक्ष लागत नाही, आणि आपण त्याला ‘ढ’ ठरवून मोकळे होतो. शिक्षण सुटले की कष्टाचे, बेभरवशाचे काम वाट्याला येते; त्या कामातून पुन्हा आजार येतो. आजार, अज्ञान आणि दारिद्र्य ही तीन वेगळी संकटे नव्हेत. एकाच दोरीचे ते तीन पीळ आहेत.

आपल्या समाजाचे चित्र सच्चर समितीने नोव्हेंबर २००६ च्या अहवालात मांडले. २००१ च्या जनगणनेनुसार देशात साक्षरता ६५.१ टक्के असताना मुस्लिमांची ५९.१ टक्के होती. महाराष्ट्रात मात्र मुस्लिमांची साक्षरता ७८.१ टक्के, म्हणजे राज्याच्या ७६.९ टक्के सरासरीहून थोडी अधिकच होती. याचा अर्थ नीट ध्यानात घ्या. आपल्या आईबापांना शिक्षणाची आवड नाही, हा आरोप खरा नाही. आमची मुले शाळेत जातात. गळती पुढे होते. वीस वर्षांवरील मुस्लिमांत पदवीधरांचे प्रमाण देशभरात ४ टक्क्यांहूनही कमी आढळले. ज्या वयात मुलाचा हात कमाईला लागू शकतो, त्याच वयात त्याच्या हातून पुस्तक सुटते.

कोणी म्हणेल, हा तर केवळ उपासमारीचा प्रश्न आहे. तसेही नाही. इंग्लंडमध्ये १९६७ साली ‘व्हाइटहॉल’ नावाने हजारो सरकारी कर्मचाऱ्यांचा अभ्यास सुरू झाला. त्यांपैकी कोणीही उपाशी नव्हता. सर्वांना नियमित वेतन होते. तरीही सर्वांत खालच्या श्रेणीतील मृत्यूचे प्रमाण सर्वांत वरच्या श्रेणीच्या सुमारे तिप्पट निघाले आणि श्रेणी एकेक पायरी उतरेल तसतसा धोका वाढत गेला. धूम्रपान, रक्तदाब इत्यादी कारणे हिशोबात धरूनही हा फरक पुरता मिटला नाही. दर्जाची पायरी माणसाच्या शरीरातही उतरते, असाच याचा अर्थ.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. हे सारे तकदीर आहे काय?

दिव्य कुरआनच्या सूरह यासीनमध्ये (३६:४७) एका संवादाचा उल्लेख आहे. अल्लाहने दिलेल्यातून खर्च करा असे सांगितले, तेव्हा नाकारणाऱ्यांनी विचारले की, अल्लाहने इच्छिले असते तर ज्यांना त्यानेच खाऊ घातले असते, त्यांना आम्ही का खाऊ घालावे? त्यांच्या बोलण्यात अल्लाहचे नाव आहे, त्याच्या इच्छेचा हवालाही आहे, आणि तरीही हा युक्तिवाद नाकारणाऱ्यांच्या मुखी दाखविला आहे. दुसऱ्याच्या भुकेपुढे तकदीरची ढाल करणे हा ईमानाचा मार्ग नव्हे, हे यावरून स्पष्ट होते.

अम्वासच्या प्लेगच्या वेळी, सन १८ हिजरीच्या सुमारास, ह. उमर (रजि.) शामच्या वाटेवरून माघारी वळले. ह. अबू उबैदा (रजि.) यांनी विचारले, आपण अल्लाहच्या तकदीरपासून पळता काय? ह. उमर (रजि.) यांच्या उत्तराचा आशय असा की, आपण अल्लाहच्या एका तकदीरकडून त्याच्याच दुसऱ्या तकदीरकडे जात आहोत. त्यांनी दाखला दिला तो हिरव्या आणि उजाड अशा दोन उतारांच्या खोऱ्याचा. उंट कोणत्याही उतारावर चारा, ती तकदीरच. वाचकहो, आजार तकदीर असेल तर औषधही तकदीर आहे, आणि शेजाऱ्याने पुढे केलेला हातही तकदीरच आहे.

येथे एक आक्षेप संभवतो. अल्लाहनेच काहींना काहींवर दर्जे दिले आहेत, असे सूरह जुख्रुफमध्ये (४३:३२) आले आहे. मग विषमतेची तक्रार कशासाठी? आक्षेप गंभीर आहे. इस्लाम सर्वांची मिळकत एकसारखी करण्यास सांगत नाही. पण मर्यादा कोठे आहे? इमाम गजाली (रह.) यांनी शरीअतचे पाच उद्देश सांगितले आहेत : दीन, जीव, बुद्धी, वंश आणि संपत्ती यांचे रक्षण. या क्रमात संपत्ती शेवटी आहे. माझ्या अल्पमतीनुसार उत्तर येथेच मिळते. एकाचे घर मोठे आणि दुसऱ्याचे लहान, हा दर्जाचा फरक झाला. त्यात दोघांचीही परीक्षा आहे. परंतु संपत्तीचा फरक जेव्हा एका लेकराचा श्वास, त्याची बुद्धी आणि त्याचे भविष्य गिळू लागतो, तेव्हा शेवटची गोष्ट पहिल्या गोष्टींवर स्वार झालेली असते. तो फरक मग दर्जाचा राहत नाही. तो हक्काच्या पायमल्लीचा होतो. संपन्नांच्या मालात मागणाऱ्याचा आणि वंचिताचा हक्क आहे (५१:१९), असे कुरआन सांगते. तेथे उपकाराची भाषा नाही. स्वतः प्रेषित मुहम्मद (स.) कुफ्रबरोबर दारिद्र्यापासूनही अल्लाहचा आश्रय मागत असत. ज्यापासून त्यांनी आश्रय मागितला, त्याचे गोडवे आपण गरिबापुढे कसे गावेत?

तर कर्तव्य काय? पहिले, जकातीचा विचार. रमजानात सुट्या नोटा वाटून कोणाचे चक्र तुटत नाही. हनफी फुकहांच्या मते जकात पात्र व्यक्तीच्या मालकीत गेली पाहिजे, ती इमारतीला लागत नाही. पण पात्र विद्यार्थ्याच्या वर्षभराच्या फीसाठी, पात्र रुग्णाच्या औषधांसाठी ती त्याच्या हाती देता येते. मोहल्ल्यातील दहा घरांनी मिळून दोनच मुलांना पदवीपर्यंत नेले, तरी दोन पिढ्या वाचतात. दुसरे, जे हक्काचे आहे ते मिळवून देणे. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेचे संरक्षण आता ५ लाख रुपयांपर्यंत आहे. शिक्षण हक्क कायद्याने खासगी विनाअनुदानित शाळांत २५ टक्के जागा दुर्बल घटकांसाठी आहेत. अर्ज भरता येत नाही म्हणून किती घरे यास मुकतात! जुम्यानंतर मशिदीत अर्धा तास बसून अर्ज भरून देणारा तरुण मोठी इबादत करीत असतो. तिसरे, शेजारी कोणत्या धर्माचा, हे न पाहणे. ह. उमर (रजि.) यांनी भीक मागणाऱ्या वृद्ध यहुदी गृहस्थास बैतुलमालमधून मदत लावून दिली. आपल्या नफल सदक्यात गल्लीतील प्रत्येक मजुराचा वाटा असू शकतो.

आणि सब्र? तो उच्च गुणच आहे. पण त्याचा उपदेश प्रत्येकाने प्रथम स्वतःला करावा : हौस आवरण्याचा सब्र, लग्नातील खर्च कमी करण्याचा सब्र. दुःखिताच्या दारी जाल तेव्हा आधी औषध न्या, फी न्या. सब्राचे शब्द त्यानंतर आपोआप शोभतील. सहीह मुस्लिममधील हदीसनुसार कियामतच्या दिवशी अल्लाह बंद्याला विचारील की, मी आजारी होतो, तू माझ्या भेटीस का आला नाहीस? त्या दिवशी ‘तुझीच मर्जी होती’ हे उत्तर चालणार नाही.

अल्लाह आम्हां सर्वांना शेजाऱ्याचा हक्क ओळखण्याची आणि तो अदा करण्याची तौफीक देवो. आमीन.