भूक, हाव आणि टोळ

भाताच्या शेतातील नाकतोड्यास कोणी पापी म्हणत नाही. तो पानाची चव पाहतो आणि आडव्या हलणाऱ्या जबड्यांनी ते कडेपासून कुरतडू लागतो. भूक भागविणे हा जीवधर्मच होय. त्यात दोष तो कसला?

परंतु त्याचाच भाऊबंद जो वाळवंटी टोळ, त्याची रीत आम्हांस विचारात पाडते. हा टोळ एरवी एकटा हिंडतो व आपल्यापुरते खातो. चांगल्या पावसाने संख्या वाढली आणि मागाहून चारा आटला, म्हणजे उरल्यासुरल्या हिरवळीवर सर्वांची दाटी होते. मागील पायांस इतरांचा वारंवार स्पर्श होताच काही तासांत त्याचा स्वभाव पालटतो. एकटा असता ज्या विषारी वनस्पती तो टाळी, त्याही आता खाऊ लागतो. प्रत्येक टोळ दिवसास सुमारे 2 ग्रॅम, म्हणजे स्वतःच्या वजनाइतके खातो. एक चौरस किलोमीटरचा थवा 35,000 माणसांचे अन्न एका दिवसात संपवू शकतो. सन 2020 च्या मे महिन्यात असे थवे मध्य प्रदेशातून थेट अमरावती-नागपूरपर्यंत आले होते.

त्या जीवास दोष देता येत नाही, कारण त्यास निवड नाही. मनुष्यास ती आहे काय?

छांदोग्योपनिषदात उषस्ती चाक्रायणाची कथा आहे. कुरुदेश ‘मटची’ने उद्ध्वस्त झाला होता. या शब्दाचा अर्थ कोणी गारा करतात, कोणी टोळ. भुकेल्या उषस्तीने एका हत्तीवाल्याचे उष्टे कुळीथ मागून खाल्ले. पण त्याचेच उष्टे पाणी मात्र नाकारले. कुळिथावाचून प्राण वाचला नसता, पाणी तर कोठेही मिळते, हा त्याचा विचार. उरलेले कुळीथ त्याने पत्नीसाठी नेले. भूक कोठे संपते हे त्यास भुकेच्या ऐन वेळीही ठाऊक होते.

आणि आम्ही? देवळातील समाराधनेच्या पंगतीत आम्ही मांडीस मांडी लावून बसतो. शेजाऱ्याने वाढून घेतले म्हणून आम्हीही घेतो, आणि उठताना पान अर्धे भरलेले असते. अन्नास पूर्णब्रह्म म्हणणाऱ्या मुखाने ते टाकून उठावे, याची आम्हांस लाज वाटली पाहिजे. दाटीत टोळास थांबता येत नाही. आम्हांस पानावर हात आडवा धरून ‘पुरे’ म्हणता येते. तेवढे तरी आम्ही करावे.